आपल्यातला खलनायक : हाँगकाँगचे शेक किन

'एंटर द ड्रॅगन'चा विषय निघाला की सगळे ब्रूस लीविषयी बोलतात. शेवटच्या मारामारीत, आरशांच्या खोलीत ब्रूस लीसमोर उभा असलेला, एका हाताच्या जागी लोखंडी पंजा लावलेला तो वयस्क खलनायक कोण होता, हे मात्र फारसे कुणी विचारत नाही. १९७३च्या त्या चित्रपटाच्या नामावलीत त्यांचे नाव 'शिह किएन' असे येते. तो मंदारिन वळणाचा उच्चार झाला. ज्या कँटोनीज भाषेत त्यांनी आयुष्यभर काम केले, त्या भाषेत त्यांचे नाव शेक किन. नाव वाचून आपल्याकडे कुणाला 'शेख' आठवेल, पण तसा काही संबंध नाही. 'शेक' म्हणजे दगड आणि 'किन' म्हणजे पक्का, न फुटणारा. हे त्यांचे पडद्यावरचे नाव होते आणि ते त्यांना शोभून दिसले.

जगाने त्यांना साठाव्या वर्षी एकदा पाहिले. हाँगकाँगचे प्रेक्षक त्यांना त्याआधी तीसेक वर्षे पाहत होते आणि त्यानंतरही वीसेक वर्षे पाहत राहिले. नायक म्हणून क्वचितच; बहुतेक वेळा खलनायक म्हणून. लोकांनी त्यांना 'गान-यान किन' असे टोपणनाव दिले होते. त्याचा अर्थ 'दुष्ट किन'. हे नाव शिवीसारखे वाटते, पण ते लाडाने घेतले जाई. हा लाड कुठून आला, आणि हॉलिवूडने त्याच चेहऱ्याचे काय केले, हे मला सांगायचे आहे. कारण पडद्यावर खलनायक कोण असतो आणि तो कुणाचा असतो, हा प्रश्न आपल्यालाही चांगलाच ओळखीचा आहे.

जिंगवूचा विद्यार्थी

शेक किन यांचा जन्म १ जानेवारी १९१३चा. घराणे दक्षिण चीनमधल्या ग्वांगडोंग प्रांतातले. लहानपणी प्रकृती नाजूक होती, म्हणून त्यांना व्यायामाला आणि युद्धकलेला घातले गेले. ते जिंगवू संस्थेत नऊ वर्षे शिकले आणि 'गरुडपंजा' व 'चोय ली फट' यांसारख्या प्रकारांत शिकवण्याइतके तयार झाले.

जिंगवू ही साधी तालीम नव्हती. १९१० मध्ये शांघायमध्ये ती स्थापन झाली. तोवर चीनमधली प्रत्येक युद्धकला एखाद्या घराण्याच्या, गावाच्या किंवा गुरूच्या मुठीत होती. जिंगवूने निरनिराळ्या परंपरांचे उस्ताद एका छताखाली आणले आणि ठरलेला अभ्यासक्रम बनवून शहरातल्या सामान्य तरुणांना शिकवायला सुरुवात केली. दाखल होणाऱ्याला आधी दहा मूलभूत संच शिकावे लागत. त्यातला पहिला 'तान-तुई', म्हणजे लाथांवर भर असलेला कवायतीसारखा प्रकार.

इथे थोडे थांबावेसे वाटते. उत्तर चीनमध्ये तान-तुई ही हुई मुसलमानांची कला म्हणून ओळखली जाते. त्यांच्यात चालत आलेला प्रकार दहा भागांचा आहे, तर जिंगवूत शिकवला जाणारा बारा भागांचा. दोन्हींच्या उगमाच्या दंतकथा वेगवेगळ्या आहेत आणि त्यांवर वाद चालू असतात. पण मशिदीच्या आवारात तालीम करणाऱ्या हुई समाजाच्या नावाशी जोडलेली कला शांघायच्या एका आधुनिक संस्थेत सर्वांसाठी पहिला धडा बनली, हे विसरण्यासारखे नाही. कला अशाच हातोहात पुढे जातात. त्यांना जात-जमात चिकटवायचे काम नंतर कुणीतरी करते.

आणखी एक गंमत. १९७२च्या 'फिस्ट ऑफ फ्युरी'मध्ये ब्रूस लीने जिंगवूच्या शिष्याची भूमिका केली आणि या संस्थेचे नाव जगभर गेले. पण प्रत्यक्षात जिंगवूत घाम गाळलेला माणूस पुढच्याच वर्षी त्याच्यासमोर खलनायक म्हणून उभा होता.

बोलीभाषेचा चित्रपट

शेक किन १९४०च्या सुमारास चित्रपटात आले. ते ज्या कँटोनीज चित्रपटात आले, त्याची परिस्थिती समजून घ्यायला हवी. चीनची सरकारी भाषा मंदारिन. कँटोनीज ही ग्वांगडोंग प्रांताची आणि हाँगकाँगची बोली. १९३३ मध्ये कँटोनीज बोलपट आला आणि लगेच लोकप्रिय झाला. तेव्हाच्या नानकिंग सरकारला ते रुचले नाही. राष्ट्र एक करायचे तर भाषा एक हवी, या विचाराने बोलीतल्या चित्रपटांवर बंदी आणायची तयारी झाली होती. १९३७ मध्ये जपानशी युद्ध पेटले आणि ती बंदी बारगळली. दख्खनी बोलणाऱ्या किंवा कोकणातली मुसलमानी बोली घरात वापरणाऱ्या वाचकाला यातले दुखणे वेगळे समजावून सांगायला नको.

डिसेंबर १९४१ मध्ये जपानने हाँगकाँग घेतले. ऑगस्ट १९४५ पर्यंत तिथली चित्रपटनिर्मिती जवळजवळ बंद होती. युद्ध संपले तेव्हा शहरात जेमतेम सहा लाख लोक उरले होते. पुढच्या पाच वर्षांत चीनमधल्या यादवी युद्धामुळे लोंढेच्या लोंढे आले आणि वस्ती वीस लाखांच्या पुढे गेली. त्यातले बहुसंख्य ग्वांगडोंगचे. घर सुटलेले, एका खोलीत चार कुटुंबे राहणारे, परत जाता येईल की नाही याची खात्री नसलेले. त्यांना त्यांच्या बोलीतला, त्यांच्या गावाकडचा चित्रपट हवा होता.

वोंग फेई-हुंग आणि त्याचा शत्रू

तो त्यांना १९४९च्या ऑक्टोबरमध्ये मिळाला. दिग्दर्शक वू पांग यांनी वोंग फेई-हुंग या ग्वांगझूच्या वैद्याच्या आणि युद्धकलेच्या उस्तादाच्या जीवनावर चित्रपट केला. वोंग ही काल्पनिक व्यक्ती नव्हती. १८४७ मध्ये जन्मलेले हे उस्ताद १९२०च्या दशकात वारले होते. त्यांच्या पत्नी मोक क्वाय-लान हाँगकाँगमध्ये हयात होत्या आणि स्वतः तालीम चालवत होत्या. वोंग यांचे पट्टशिष्य लाम साय-विंग यांच्या हाताखाली तयार झालेले लाउ चाम चित्रपटात आपल्याच गुरूची, लाम यांची भूमिका करत. म्हणजे पडद्यावरची कथा आणि प्रेक्षकांचे जिवंत नातेसंबंध यांत फार अंतर नव्हते.

वोंगच्या भूमिकेत क्वान तक-हिंग होते. ते कँटोनीज संगीत नाटकातले मोठे नट. युद्धकाळात देशासाठी निधी गोळा करत फिरल्यामुळे लोकांत त्यांच्याविषयी आदर होता. शिष्य लियुंग फूनच्या भूमिकेत त्सो तात-वा आणि खलनायक शेक किन. ही जुळणी लोकांना इतकी आवडली की चित्रपटामागून चित्रपट येत गेले. क्वान यांनी ही एकच भूमिका सत्तरहून अधिक चित्रपटांत केली. एकट्या १९५६ मध्ये वोंग फेई-हुंगचे २५ चित्रपट आले, म्हणजे महिन्याला दोन!

हा वेग कशामुळे आला, ते अर्थकारणात दिसते. कँटोनीज चित्रपटांचा पैसा केवळ हाँगकाँगमधून येत नसे. सिंगापूर, मलाया, व्हिएतनाम आणि अमेरिकेतल्या चायनाटाउनमधले वितरक चित्रपट बनण्यापूर्वीच, नायकाचे आणि मालिकेचे नाव पाहून आगाऊ रक्कम देत. मग निर्माता भराभर चित्रीकरण उरकून मोकळा होई. आठवड्यात तयार होणाऱ्या अशा चित्रपटांना लोक 'सात दिवसांचा ताजा माल' म्हणत. पुढे भरभराटीच्या काळात कँटोनीज चित्रपटांची संख्या वर्षाला दोनशेच्या आसपास गेली.

अशा धंद्यात सहायक नटाचे काम काय असते? पटकथेला वेळ नाही, तालमीला वेळ नाही, व्यक्तिरेखा उलगडून दाखवायला फिल्म नाही. नट पडद्यावर आला की पहिल्या क्षणात प्रेक्षकाला कळले पाहिजे की हा कोण. कँटोनीज संगीत नाटकात हे काम चेहऱ्यावरचा रंग करत असे. पांढरा रंगवलेला चेहरा दिसला की प्रेक्षक समजत, हा कपटी. चित्रपटात रंग नव्हता, तेव्हा ते काम शेक किन यांच्या भुवया, डोळे, बारीक मिशा आणि घशातून येणारे ते लांबलचक हसू करत असे. हसू ऐकू आले की पुढची कथा अर्धी सांगून झालेली असे.

दुसरे काम अंगमेहनतीचे. त्याआधीच्या पडद्यावरच्या मारामाऱ्या रंगभूमीवरच्या ठरावीक पवित्र्यांच्या किंवा तारांवर उडणाऱ्या तलवारबाजांच्या असत. वू पांग यांना खरीखुरी दक्षिणी युद्धकला दाखवायची होती. त्यासाठी समोरचा माणूसही तितकाच तयार लागतो. मारणाऱ्याचा हात किती जोरदार आहे हे मार खाणाऱ्याच्या शरीरावरून कळते. वेळेत मागे सरणे, योग्य ठिकाणी तोल सोडणे, नायकाचा नेम चुकला तरी घाव बसल्यासारखा दाखवणे, आणि हे सगळे एकाच दमात. आपल्याकडच्या आखाड्यात वस्ताद नव्या पोराला डाव शिकवताना स्वतः चीत होऊन दाखवतो, तसेच काहीसे. क्वान तक-हिंग यांची उस्तादी लोकांना पटली, त्यात शेक किन यांच्या हरण्याचा वाटा मोठा होता. त्याच संचात लाउ चाम यांचे चिरंजीव लाउ कार-लियुंग छोटी कामे करत, मार खात शिकत होते. पुढे हाँगकाँगच्या मारामारीच्या चित्रपटांचे ते मोठे दिग्दर्शक झाले.

माफी मिळणारा दुष्ट

या मालिकेतल्या ज्या काही प्रती आज पाहायला मिळतात, त्या पाहताना मला एक गोष्ट जाणवली. शेक किन यांचा खलनायक गुंड असतो, सावकार असतो, दुसऱ्या तालमीचा मत्सरी उस्ताद असतो. बाजारात वसुली करतो, पोरीबाळींना पळवतो, सिंहनृत्याच्या स्पर्धेत दगाबाजी करतो. पण तो बाहेरून आलेला नसतो. तो त्याच गल्लीत राहतो, तीच बोली बोलतो, त्याच देवापुढे उदबत्ती लावतो आणि त्याच चहाच्या दुकानात बसतो. नायक आणि खलनायक यांच्यात वंशाचा, धर्माचा, भाषेचा फरक नाही. फरक फक्त वागणुकीचा.

वागणुकीचा फरक असला की तो मिटवताही येतो. वोंग फेई-हुंग हा क्वान यांच्या अभिनयात शांत, थोडा उपदेशी, बापमाणूस असतो. हात उचलायच्या आधी तो चार वेळा समजावतो. कितीतरी चित्रपटांत तो शेवटी खलनायकाला जिवे मारत नाही. पाडतो, खडसावतो आणि सुधारण्याची संधी देतो. खलनायक मान खाली घालतो. आणि पुढच्या महिन्यात नवा चित्रपट येतो, त्यात शेक किन दुसऱ्या नावाने पुन्हा हजर!

यात धंद्याची सोय आहेच. तोच नट पुन्हा वापरायचा आहे. पण त्या पलीकडे काहीतरी आहे. दर महिन्याला त्या विस्थापित समाजाला त्यांचा चित्रपट सांगत होता की दुष्टपणा आपल्यातूनच निघतो, आपणच त्याला आवरायचे असते, आणि आवरल्यावर त्या माणसाला पुन्हा गल्लीत जागा द्यायची असते. 'दुष्ट किन' हे नाव लाडाने घेतले जाई, त्यामागे मला हे दिसते. आपल्या घरातल्या वाया गेलेल्या चुलत्यावर आपण रागावतो, पण ईदला त्याच्यासाठीही शीरखुर्म्याचा वाडगा बाजूला काढतो. तसे काहीसे.

आवाज काढून घेतलेला हान

१९६०च्या दशकाच्या अखेरीस हा सगळा व्यवसाय बसला. शॉ ब्रदर्सचे रंगीत, मोठ्या पडद्याचे मंदारिन चित्रपट एकीकडे आणि नोव्हेंबर १९६७ मध्ये सुरू झालेले, घरबसल्या फुकट कँटोनीज कार्यक्रम दाखवणारे टीव्हीबी दूरचित्रवाणी केंद्र दुसरीकडे. या दोहोंच्या मध्ये स्वस्तातला कँटोनीज चित्रपट चिरडला गेला. १९७२ मध्ये हाँगकाँगमध्ये एकही कँटोनीज चित्रपट आला नाही. दहा वर्षांपूर्वी जिथे वर्षाला दोनशे चित्रपट निघत होते, तिथे शून्य. त्या वेळी शेक किन साठीला टेकले होते.

त्याच सुमारास 'एंटर द ड्रॅगन' आला. वॉर्नर ब्रदर्सचा पैसा, रॉबर्ट क्लाउस यांचे दिग्दर्शन आणि हाँगकाँगमध्ये चित्रीकरण. ब्रूस ली हा स्वतः याच कँटोनीज चित्रपटात बालनट म्हणून वाढलेला. त्याचे वडील ली होय-चुएन संगीत नाटकातले विनोदी नट आणि चित्रपटांतले सहायक अभिनेते होते, म्हणजे शेक किन यांचे समव्यवसायी. नायक आणि खलनायक दोघेही एकाच घरचे होते म्हणा ना. पण ते ज्या चित्रपटात भेटले, ते घर त्यांचे नव्हते.

चित्रपटात हान हा शाओलिनचा भ्रष्ट झालेला शिष्य. स्वतःचे बेट, अफूचा धंदा, तळघरात कोंडलेल्या मुली, मांडीवर पांढरे मांजर आणि तोडलेल्या हाताच्या जागी बदलता येणारे पंजे. ही व्यक्तिरेखा ग्वांगझूच्या गल्लीतून आलेली नाही. तिची वंशावळ वेगळीच आहे. ब्रिटिश लेखक सॅक्स रोमर यांची फू मांचूवरची पहिली कादंबरी पुस्तकरूपाने आली १९१३ मध्ये, शेक किन यांच्या जन्माच्या वर्षी. जगावर राज्य करू पाहणारा, क्रूर, गूढ, पिवळ्या वंशाचा बुद्धिमान राक्षस. पुढे चित्रपटांत बोरिस कार्लॉफ आणि ख्रिस्तोफर ली या गोऱ्या नटांनी रंगभूषा करून तो साकारला. १९६२च्या जेम्स बाँडपटातला अर्धा चिनी डॉ. नो त्याच घराण्यातला. बेट त्याचेही आहे आणि हातही धातूचे आहेत. हान हा डॉ. नोचा धाकटा भाऊ. फरक एवढाच की या वेळी रंगभूषेची गरज नव्हती, खरा चिनी चेहरा मिळाला होता.

आवाज मात्र त्या चेहऱ्याचा नव्हता. शेक किन यांना इंग्रजी येत नव्हते. हानचे संवाद की ल्यूक या नटाच्या आवाजात नंतर बसवले गेले. ल्यूक यांचीही गोष्ट ऐकण्यासारखी आहे. जन्म ग्वांगझूचा, वाढले अमेरिकेत. तिथे चार्ली चॅन या चिनी गुप्तहेराच्या चित्रपटांत नायकाच्या थोरल्या मुलाचे काम करून ते प्रसिद्ध झाले. त्यातला खुद्द चार्ली चॅन मात्र गोरा नट. असे हे दोन कँटोनीज सहायक नट. एकाचा चेहरा आणि दुसऱ्याचा आवाज जोडून हॉलिवूडने एक 'पौर्वात्य खलनायक' तयार केला.

वोंग फेई-हुंगचा शत्रू आणि हान यांच्यात नट तोच आहे, हसूही फारसे वेगळे नाही. गरुडपंजा शिकलेल्या हाताला इथे लोखंडाचा पंजा लावला आहे, एवढेच. पण अर्थ पार बदलला आहे. ग्वांगझूच्या गल्लीत तो एक वाईट माणूस होता. त्याच्या आजूबाजूला त्याच्यासारख्याच चेहऱ्याचे वैद्य, शिष्य, म्हाताऱ्या, चहावाले होते. त्यामुळे त्याचा वाईटपणा त्याच्यापुरता राही. पाश्चात्त्य प्रेक्षकांपैकी अनेकांनी त्याआधी फू मांचूच्या पठडीपलीकडचा चिनी माणूस पडद्यावर फारसा पाहिलाच नव्हता. त्यांच्यासाठी हान हा एका माणसापेक्षा एका वंशाचा नमुना होता. ब्रूस लीसारखा नायक समोर उभा होता म्हणून हा तोल थोडा सावरला. हे श्रेय त्याला दिले पाहिजे. तरी त्या हानला माफी नव्हती. तो भाल्यावर टोचून मरतो आणि तिथेच संपतो.

माझ्यासारख्या अनेकांनी हा चित्रपट व्हिडिओवर पुन्हा पुन्हा पाहिला. त्या वेळी हानचे बेट, हानचा पंजा एवढेच डोक्यात राहिले. पुढे जॅक शाहीन यांचे हॉलिवूडमधल्या अरब व्यक्तिरेखांवरचे काम वाचनात आले. नऊशेहून अधिक चित्रपट तपासून त्यांनी दाखवले की अरब माणूस पडद्यावर येतो तो बहुतेक वेळा खलनायक म्हणून. ते वाचताना मला हान आठवला आणि मग आपल्याकडचे चित्रपट आठवले. डोळ्यांत सुरमा, गळ्यात ताईत, खोलीत हिरवा उजेड, तोंडी उर्दूचे चार शब्द. हा आपल्याकडचा हान. त्याच्या तोडीला दुसऱ्या टोकाचा रहीमचाचा असतो, ज्याला फक्त चांगलेच असण्याची परवानगी आहे. या दोघांच्या मधला, कुरकुर करणारा, उधारी बुडवणारा, मुलाच्या दहावीच्या निकालाची काळजी करणारा मुसलमान दिसत नाही.

आपल्यातले काही जण म्हणतात, मुसलमानाला खलनायक दाखवूच नये. मला ते पटत नाही. वाईट माणसे आपल्यात आहेत. त्यांच्यावर चित्रपट निघाले पाहिजेत आणि ते आपणही काढले पाहिजेत. मागणी वेगळी असायला हवी. खलनायकाच्या आजूबाजूला त्याची गल्ली दिसली पाहिजे. वोंग फेई-हुंगच्या चित्रपटांत शेक किन यांना जी गल्ली मिळाली, ती हानच्या बेटावर मिळाली नाही.

हे सांगताना हाँगकाँगच्या चित्रपटाला निर्मळ ठरवण्याचे कारण नाही. 'फिस्ट ऑफ फ्युरी'मध्ये शांघायच्या बागेच्या दारात चिनी नायकाला अडवणारा पहारेकरी आठवा. पगडी घातलेला शीख. ब्रिटिशांनी हिंदुस्थानातून शिपाई आणि पहारेकरी नेले होते, हा इतिहास खरा. पण तो शीख कुठून आला, त्याला किती पगार मिळतो, तो कुणाचा हुकूम पाळतो आहे, हे त्या चित्रपटाला विचारायचे नाही. स्वतःच्या माणसाला गल्ली देणारा समाज परक्याला तितक्या सहज देत नाही. ही खोड एकट्या हॉलिवूडची नाही.

पुन्हा घरी

१९७३ हे वर्ष आणखी एका कारणाने महत्त्वाचे ठरले. त्याच वर्षी 'द हाउस ऑफ ७२ टेनंट्स' हा कँटोनीज चित्रपट आला. एका चाळीत दाटीवाटीने राहणाऱ्या भाडेकरूंची ही विनोदी कथा. हाँगकाँगच्या तिकीटखिडकीवर त्याने 'एंटर द ड्रॅगन'लाही मागे टाकले. जगाने ब्रूस लीला डोक्यावर घेतले आणि हाँगकाँगच्या माणसाने आपल्या बोलीतल्या चाळीला. तिथून कँटोनीज चित्रपट पुन्हा उभा राहिला.

शेक किनही त्यात परतले, दूरचित्रवाणीवरही दिसू लागले. १९८०च्या 'द यंग मास्टर'मध्ये जॅकी चॅनने त्यांना पोलिस अधिकाऱ्याची भूमिका दिली. गुन्हेगार समजून जॅकीच्या मागे लागलेला, स्वतःच्या पोरांना दमात घेणारा, हट्टी पण मनाचा चांगला म्हातारा. भुवया त्याच, पण आता त्या उंचावल्या की प्रेक्षकांना हसू फुटते. जुन्या प्रेक्षकांसाठी त्यात आणखी एक मजा होती. ज्याने तीस वर्षे कायदा मोडला, तोच आता कायद्याच्या बाजूने धावत होता. गल्लीने शेवटी आपल्या वाया गेलेल्या चुलत्याला माळ्यावरून खाली आणून ओसरीवर बसवले. ही संधी घरच्या चित्रपटानेच दिली.

शेक किन ३ जून २००९ रोजी हाँगकाँगमध्ये वारले. वय ९६. शेकडो चित्रपट मागे राहिले. त्यांतले अनेक सात दिवसांत बनलेले, काही कायमचे हरवलेले. त्यानंतर बरोबर चाळीस दिवसांनी, १३ जुलै २००९ रोजी, पुण्यात निळू फुले गेले. दोघांनी एकमेकांचे नावही ऐकले नसेल. पण निळूभाऊंच्या नुसत्या नजरेने गावोगावच्या बायका पदर सावरत आणि तेच निळूभाऊ सेवा दलाच्या कामासाठी, चळवळींसाठी खिसा रिकामा करत, हे आपल्याला माहीत आहे. त्यांचा सरपंच, त्यांचा साखर कारखान्याचा चेअरमन मराठी प्रेक्षकाला इतका बोचला, कारण तो आपल्याच गावचा होता. त्याला पाहून कुणी म्हटले नाही की सगळे मराठी लोक असेच असतात.

शेक किन यांना हाँगकाँगमध्ये हेच मिळाले होते. पन्नास वर्षे दुष्ट राहूनही कँटोनीज माणसावर त्याचा डाग पडला नाही, कारण पडद्यावर दुसरे कँटोनीज लोकही भरपूर होते. आपल्या पोरांतून उद्या कुणी कॅमेरा हातात घेईल, तेव्हा त्याने फक्त सद्गुणी नायक उभे करू नयेत. आपला खलनायकही उभा करावा, त्याच्या भोवती मोहल्ला उभा करावा, आणि जमले तर पुढच्या चित्रपटात त्याला सुधारायला एक संधी द्यावी.